धुकटीच्या गाड्यांना हाळी

माझं काम ओरडायचं होतं. दिवाळी अंकात लिहायचं म्हणून त्याला एखादं भारदस्त नाव द्यावं असं वाटून गेलं, पण नको. येडशीच्या पुढं, रामलिंगाच्या झाडीला वळसा घालून बालाघाटाच्या कडेवर चढलं की एक सपाट माळ लागतो. त्या माळावर उभी राहून मी आभाळाकडं तोंड करायची आणि हाळी द्यायची. वरच्या गावांचे गाडे त्या आवाजाचा माग धरून खाली उतरायचे. निजामाच्या अमलातली शेवटची काही वर्षं मी हे काम केलं आणि त्यावर आमचं घर चाललं.

ज्यांनी तो व्यापार पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. आपल्या भागावरच्या आभाळात तेव्हा गावं होती. ती एका जागी नसायची. वाऱ्याबरोबर सरकायची, उन्हाळ्यात उंच जायची, थंडीत इतकी खाली यायची की तिथला कोंबडा आरवलेला आम्हाला ऐकू यायचा. त्यांतलं निळटेक मोठं आणि सुखवस्तू. तिथून कापडाची नीळ यायची; एकदा धाग्यावर बसली की धागा विरेपर्यंत सुटायची नाही. दुसरं धुकटी. लहान, ओलसर, सगळ्यांत खालून तरंगणारं गाव. धुकटीची माणसं ढगाची लोकर पिंजायची. आपल्याकडचे धनगर ती घोंगडीत मिसळून विणायचे, आणि तसली घोंगडी पांघरून माणूस दिवसभर पावसात उभा राहिला तरी कोरडाच घरी यायचा. धुकटीहून मडक्यांतून दहिवर, म्हणजे दव, पण यायचं. डोळ्यांच्या औषधासाठी वैद्य लोक ते घ्यायचे. खालून वर जायचं ते ज्वारी, मीठ, मिरची आणि करडईचं तेल. या दोन्ही गावांत काहीच पिकत नव्हतं.

गाडे कशावर तरंगतात, असं मी एकदा धुकटीच्या गाडेवालीला विचारलं होतं. तिनं उलट मला विचारलं, की तुमचे गाडे खाली कसे राहतात. त्यानंतर मी तो विषय काढला नाही.

हा सगळा व्यवहार शेटेमहाजनांच्या हातात होता. आम्ही त्याला नुसतं महाजनी म्हणायचो. महाजनीचा एकच कायदा होता, की वरच्या गावांनी आपसांत देवघेव करायची नाही. निळटेकला धुकटीची लोकर हवी असली तरी ती आधी आमच्या माळावर उतरणार, महाजनी ती विकत घेणार आणि मग निळटेकच्या गाड्यातून ती पुन्हा वर जाणार. हे उफराटं वाटेल. मलाही वाटायचं. पण तो कायदा पाळायला लावण्यासाठी महाजनीनं कधी काठी उगारली नाही की पहारा बसवला नाही. वरून खाली पाहिलं की नुसतं पांढरं दिसतं, आणि वरच्या वर एका गावाला दुसरं गावही सहसा दिसत नाही; दिसलं तरी मधल्या वाऱ्यात तिकडं जाता येत नाही. हाळी आल्याशिवाय गाड्याला वाट सापडत नव्हती. एखाद्या गावाची हाळी बंद केली की त्याचा बाजार बंद. एवढी मोठी सत्ता माझ्या गळ्यावर चालली होती, आणि हे माझ्या लक्षात यायला बरीच वर्षं गेली.

मी मूळची लोहाऱ्याची. वडील करडईच्या तेलाचा व्यापार करायचे. घरात आम्ही कानडी बोलायचो, बाजारात मराठी आणि कचेरीत जमेल तशी दखनी. माळाचे कारभारी गुरप्पा शेटे आमच्याकडं तेल घ्यायला यायचे. एकदा ते वडिलांसोबत शेतात उभे होते आणि मी लांबून, ओढ्याच्या अलीकडून, वडिलांना जेवायला हाक मारली. शेट्यांनी चाललेला सौदा तिथंच सोडला आणि ही पोर कुणाची म्हणून विचारलं. आईला ते आवडलं नाही. पोरीनं उघड्या माळावर उभं राहून ओरडायचं आणि त्याचे पैसे घ्यायचे, हे तिला पटेना. पुढं माझं लग्न झालं ते त्याच माळावर दोर धरणाऱ्या माणसाशी. गाडा टप्प्यात आला की वरून दोर सुटायचा, आणि आमचे हे आणि त्यांचे सोबती तो ओढून गाडा जमिनीला लावायचे. नवरा-बायको एकाच जागी कामाला म्हटल्यावर आईची तक्रार मिटली.

हाळी म्हणजे किंचाळणं नव्हे. किंचाळलेला आवाज पुढं जातो, वर जात नाही. सकाळी ऊन पडून जमीन तापायला लागली की तिच्यातून एक हवा वर निघते. आवाज त्या हवेवर अलगद ठेवायचा आणि सोडून द्यायचा. प्रत्येक गावाची हाळी वेगळी, आणि गाडा आपल्याच गावाच्या हाळीवर उतरायचा. धुकटी बहुतेक कर्नाटकाच्या शिवेवर तरंगायची, त्यामुळं तिथली बोली आमच्या घरच्या कानडीसारखी. त्यांच्यासाठी मी ‘बा रे धुकट्या, नेल इल्ली’ अशी हाळी द्यायची. ये रे, जमीन इथं आहे, एवढाच तिचा अर्थ. मग वरून तांब्याची थाळी वाजायची. प्रत्येक गाड्याच्या थाळीचा नाद निराळा असायचा आणि तो मला ओळखू यायचा. गळ्यासाठी ताक, चिंच, आंबट असलेलं सगळं मला वर्ज्य होतं. पाहुणे आंबटगोड आमटी ओरपायचे आणि मी त्यांच्याकडं बघत बसायची.

आम्हाला त्रास होता तो रेल्वेच्या शिट्टीचा. निळटेकच्या एका नव्या गाडेवाल्यानं माझी हाळी सोडून शिट्टीचा माग धरला आणि तो थेट येडशी स्टेशनात उतरला. आमचे हे दोर घेऊन तिथं पोचले तेव्हा गाडा फलाटावर होता, गाडेवाला बाकावर चहा पीत होता, आणि जमलेली माणसं ह्याला तिकीट लागतं का, यावर बोलत होती.

गिऱ्हाइकं नाना तऱ्हेची. सोनारीकडचा एक शेतकरी भर वैशाखात आला. पोरीचं लग्न होतं आणि मांडवाला सावली पाहिजे होती. त्यानं निळटेकच्या व्यापाऱ्याकडून एक ढग भाड्यानं घेतला. आमच्या ह्यांनी जाऊन तो ढग त्याच्या दारच्या लिंबाला बांधून दिला. लग्न झकास झालं. पण पंगती उठल्या तरी ढग हलेना. बुंदीच्या वासाला गुंतला असावा. दोन दिवसांनी त्या शेतकऱ्याचा निरोप आला, की पाव्हणा चांगला आहे, पण वाळवण घालायचंय, त्याला घेऊन जा.

माळाच्या तोंडाशी करोडगिरीचा, म्हणजे जकातीचा, नाका होता. तिथले मुन्शी हैदराबादकडचे, सडपातळ, मृदू बोलणारे गृहस्थ. एकदा त्यांनी दहिवराच्या एका मडक्यावरचं फडकं सोडायला लावलं आणि आत डोकावले.

“बाई, इसमें तो कुछ नहीं है,” ते म्हणाले.

मी फडकं परत बांधायला गेले तर त्यांनी हात आडवा धरला. “पर अभी बंद मत करो.”

ते किती वेळ तसे मडक्यात बघत बसले कुणास ठाऊक. मागं गाड्यांची रांग लागली, बैलं बसली, हमाल झाडाखाली जाऊन झोपले. शेवटी मुन्शी उठले, त्यांनी डोळे पुसले आणि माल सोडला. काय दिसलं, हे मी विचारलं नाही आणि त्यांनीही सांगितलं नाही.

आता ज्यासाठी लिहायला बसले ते सांगते.

धुकटीचा मोठा गाडा हाकायची ती ओलम्मा. माझ्याहून थोडी थोरली, रुंद हाडाची, केसांत कायम पाण्याचे थेंब. मला ती तंगी म्हणायची, म्हणजे धाकटी बहीण. उतरली की आधी ती जमिनीवर बसायची, दोन्ही तळवे मातीला लावायची आणि मगच बोलायची.

एका थंडीत वारा फिरला आणि धुकटी सरकत सरकत निळटेकला जाऊन टेकली. दोन्ही गावांच्या कडा एकमेकींना लागल्या. माणसं पायरी उतरावी तशी इकडून तिकडं गेली. धुकटीच्या बायकांनी लोकर दिली आणि निळटेकच्या बायकांनी साठवणीतली ज्वारी दिली. काही दिवसांनी वारा सुटला आणि गावं पुन्हा लांब गेली. निळटेकचा व्यापारी खाली आला तेव्हा त्यानंच मोठ्या कौतुकानं ही हकिकत सांगितली. यात लपवण्यासारखं काही आहे, हे त्याच्या गावीही नव्हतं.

गुरप्पा शेट्यांनी ऐकून घेतलं. त्यांनी कधी आवाज चढवला नाही, तेव्हाही नाही. उद्यापासून धुकटीला हाळी द्यायची नाही, एवढं ते मला म्हणाले. निळटेकच्या हाळीबद्दल काहीच बोलले नाहीत. निळटेकवर महाजनीचा निम्मा बाजार चालायचा, हे सगळ्यांना माहीत होतं.

ते दिवस खालीही वाईटच होते. सरकारी लेव्हीत धान्य जायचं, उरलेलं माणसं लपवून ठेवायची, आणि दिवस कलायच्या आत जो तो दार लावून घ्यायचा. अशात धुकटीची आठवण कोण ठेवणार. पण माळावर आम्हाला ती विसरता येत नव्हती. सकाळी धुकं दाटलं की वरून ओलम्माची थाळी वाजायची. माळाच्या एका बाजूनं सुरू व्हायची, गोल फिरून दुसऱ्या बाजूला जायची. मी हाळी देईन म्हणून ती वाट बघायची. मी तोंड मिटून उभी. आमचे हे दोर खांद्यावर घेऊन उभे. तो खाली ठेवा असं त्यांना कुणी सांगितलं तर ऐकू न आल्यासारखं करायचे. ऊन चढलं की थाळी बंद व्हायची.

असे बरेच दिवस गेले. मग एका सकाळी थाळीचा आवाज बदलला. नाद तोच होता, पण वाजवणाऱ्या हातात जोर राहिला नव्हता. दोन ठोक्यांच्या मधलं अंतर वाढलं होतं. मी सरळ शेट्यांच्या खोपटात गेले.

ते एकटेच बसले होते. त्यांनाही थाळी ऐकू येतच होती.

“अप्पा, वर ज्वारी संपलीया,” मी म्हणाले. “थाळी ऐका. उपाशी माणूस वाजवतंय.”

“ऐकतोय.”

“मग हाळी देऊ द्या.”

शेट्यांनी मला बसायला सांगितलं आणि जे सांगितलं ते माळावर कुणालाच माहीत नव्हतं. त्यांच्या लहानपणी आभाळात उंचवड नावाचं गाव होतं. शेट्यांची थोरली बहीण तिथं दिली होती. आई लवकर गेल्यामुळं त्यांना तिनंच वाढवलं होतं. सणाला ती गाड्यात बसून माहेरी यायची. पुढं उंचवडची कड शेजारच्या गावाला लागली आणि त्यांनी आपसांत देवघेव सुरू केली. खाली यायचं कमी झालं, मग थांबलं. खाली न येणारं गाव हलकं होत जातं, असं शेटे म्हणाले. ते वर वर चढत गेलं आणि एका सकाळी तिथं नुसतं आभाळ होतं.

“म्हाजनी पैशासाठी नसंल असं मी म्हणत न्हाय,” शेटे म्हणाले. “पर मी ह्यात आलो ते त्यासाठी न्हाय. ही गावं बांधून ठेवायला आलो.”

“उपाशी ठेवून बांधणार का, अप्पा?”

त्यांनी माझ्याकडं बघितलं नाही. “हाळी दे असं माझ्या तोंडून येणार न्हाय, कांता.”

“तुम्ही म्हणू नका. मी देते, तुम्ही ऐका.”

बाहेर आले तर आमचे हे दोर घेऊन कडेवर जाऊन उभे राहिले होते. जमीन अजून म्हणावी तशी तापली नव्हती. आवाज ठेवायला हवाच नव्हती. तरी मी हाळी दिली. पहिली धुक्यातच विरली. दुसरी थोडी वर गेली. तिसरीला वरची थाळी एकदम थांबली, आणि मग इतकी जोरात वाजायला लागली की माझी पुढची हाळी तिच्यात बुडून गेली.

गाडा खाली आला. ओलम्मा उतरली आणि ह्या खेपेला नुसते तळवे न लावता गाल मातीला लावून पडून राहिली. गाड्यात तिच्यामागं तीन-चार बायका होत्या, गालफडं बसलेल्या. मी माझ्या डब्यातली भाकरी त्यांना वाटली. हमालांनी कुणी न सांगता ज्वारीची पोती गाड्यात चढवायला सुरुवात केली.

तेवढ्यात शेटे आले. सगळे थबकले. ते ओलम्माजवळ गेले आणि तिच्यासमोर मातीतच बसले.

“तुमच्या गावातनं उंचवड दिसतं का कधी?” त्यांनी विचारलं.

ओलम्मानं डोळे उघडले. दिसतं की, ती म्हणाली. आभाळ निवळ असलं की लांब, वरच्या अंगाला दिसतं. तिथली माणसं हात हलवतात, आम्ही पण हलवतो. पण मध्ये वारा लई. आमची हाक त्यांना पोचत नाही, त्यांची आम्हाला.

शेट्यांनी दोन्ही हात गुडघ्यांवर ठेवले आणि तसेच बसून राहिले. त्यांच्या नजरेत मी तोवर कधी न पाहिलेलं काहीतरी होतं. इतकी वर्षं त्यांनी ते गाव गेलं असं धरलं होतं, आणि ते तिथंच होतं, हात हलवत. पोती भरून झाली. हमाल हुकमाची वाट बघत होते. शेटे उठले आणि मला म्हणाले, “हिला हाळी शिकव.”

महाजनीत आजवर कुणी असं बोललं नव्हतं. वरच्या माणसाला हाळी देता आली की त्याला आमची गरज राहणार नव्हती, आणि हे त्यांना माझ्यापेक्षा चांगलं कळत होतं.

ओलम्मा पुढं रोज यायची. आम्ही दोघी कडेवर बसायचो. आवाज कुठं ठेवायचा, कधी सोडायचा, हे मी तिला दाखवायची. तिचा गळा जाड, पण दम मोठा. शेटे मागं दगडावर बसून ऐकायचे. महाजनीतली बाकीची मंडळी चिडली, पेठेत त्यांच्याबद्दल वाईटसाईट बोललं गेलं. ते त्यांनी मुकाट सोसलं.

मग शेटे म्हणाले होते तसंच झालं. धुकटीनं निळटेकला हाळी दिली, निळटेकनं आणखी पलीकडच्या, धान्य पिकवणाऱ्या गावाला. गावं एकमेकांना सापडली. लोकर, नीळ, धान्य वरच्या वर फिरायला लागलं. आमच्या माळावर गाडे कमी झाले. एक दिवसाआड, मग आठवड्यानं, मग सणासुदीला. थंडीतही गावं पूर्वीसारखी खाली येईनात. कोंबडा ऐकू येईना. त्याच सुमारास संस्थान गेलं, करोडगिरीचा नाका उठला आणि मुन्शी आपली ट्रंक घेऊन गाडीत बसले. जाताना त्यांनी माझ्याकडं एक रिकामं मडकं मागितलं आणि मी ते दिलं.

मी केलं ते चुकलं असं मला वाटत नाही. शेट्यांची भीती खोटी नव्हती, हेही खरं. दोन्ही गोष्टी एका वेळी खऱ्या असल्या की माणसानं काय करायचं, हे मला अजून कळलेलं नाही. घोंगडी भिजलेली पाहिली की जीव हळहळतो, एवढं सांगते.

माळावरचा शेवटचा गाडा ओलम्माचाच होता. माल काहीच नव्हता. ती शेट्यांना न्यायला आली होती. आभाळभराचा कारभार करणारा हा माणूस स्वतः एकदाही वर गेला नव्हता. माळवदाची शिडी चढतानाही त्यांना भोवळ यायची. त्या सकाळी त्यांनी धुतलेलं धोतर नेसलं होतं आणि हातात बहिणीसाठी एक इरकली लुगडं होतं. ओलम्मानं सांगितलं, की उंचवडच्या जवळ जाता येईल तितकं जाऊ; मधल्या वाऱ्याचं काही सांगता येत नाही. आमच्या ह्यांनी त्यांना धरून गाड्यात बसवलं. त्यांनी डोळे गच्च मिटून घेतले होते.

“कांता, उंचवडला हाळी दे,” ते म्हणाले. “तिला तिथनं ऐकू आली तर आली.”

उंचवडची हाळी कुणालाच ठाऊक नव्हती. बहिणीचं नाव काय, मी विचारलं.

“नावानं नगं. अक्का म्हण. मी तिला तेच म्हणायचो.”

दोर सुटला. गाडा वर निघाला. ऊन चांगलं पडलं होतं आणि जमिनीतून हवा निघत होती. मी हाळी दिली, “अक्काऽऽ,” आणि पुन्हा दिली. गाडा लहान होत गेला. वरून काही उत्तर आलं नाही. मी पुन्हा तोंड उघडलं तेवढ्यात वरूनच एक हाक आली. ती शेट्यांची होती. जन्मात कधी आवाज न चढवलेला माणूस. फाटका, घशात अडकणारा, सूर नसलेला आवाज. आमच्या कामाच्या कुठल्याही रीतीनं तो वर जायला नको होता. तो चढत गेला. अक्का, अक्का करत तो पांढऱ्यात शिरला आणि त्याच्याही वर गेला, आणि मी तोंड मिटून नुसती ऐकत राहिले.

आमच्या ह्यांनी विचारलं, “दोर गुंडाळू का?”

मी म्हणाले, “जरा थांबा.”